परत विचारणारं गाव

आबांच्या घरी चहाला नको म्हणता यायचं, पण त्याचा उपयोग व्हायचा नाही. लिंबागणेशच्या वाटेवरच्या त्या गावात मी उपकेंद्राची नर्स म्हणून रुजू झाले आणि आबांच्या घराची पुढची खोली भाड्याने घेतली. पहिल्याच दिवशी काकू, म्हणजे आबांच्या मंडळी, चहा घेऊन आल्या. मी म्हणाले, "नको, आत्ताच झालाय." काकू कप धरून तशाच उभ्या राहिल्या. आबा ओट्यावरच्या लोखंडी खुर्चीतून म्हणाले, "शिस्टर, हा तुमचा पहिला न्हाई झाला. पहिला न्हाई रीतीचा असतो, दुसरा लाजंचा. तिसरा खरा. अजून दोनदा म्हणा, मग कप आत जाईल."

दोनदा म्हणेपर्यंत चहा गार झाला असता, म्हणून मी तो पिऊन टाकला.

मी परळीची. थर्मलच्या, म्हणजे वीजकेंद्राच्या, क्वार्टर्समध्ये वाढले. आमच्याकडे दोरीवरच्या कपड्यांवर राख बसायची आणि शेजारीण बाजाराला येत नाही म्हणाली की आम्ही पिशवी उचलून चालू लागायचो. नाही म्हणजे नाही. त्यामुळे आबांचं हे शास्त्र अंगवळणी पडायला मला बराच काळ लागला. जेवताना तर फार हाल व्हायचे. भाकरी नको म्हटलं की ती ताटात पडायची, पुन्हा नको म्हटलं की तिच्यावर तुपाची धार यायची, आणि तिसऱ्या नकोपर्यंत पोहोचायची माझ्या पोटात जागा उरलेली नसायची. पहिल्या वर्षात माझे सगळे ड्रेस उसवून घ्यावे लागले.

त्या पहिल्या दिवसाचं 'शिस्टर, तुम्ही' सोडलं तर आबा मला अगं-तुगंच करायचे.

आबा गावचे जुने सरपंच. तालेवार शेतकरी, अंगाने उभट, डोक्यावर पांढरी टोपी इतकी घट्ट की ती काढल्यावर कपाळावर वळ दिसायचा. ओट्यावरची ती लोखंडी खुर्ची पूर्वी पंचायतीत होती. पंचायतीला खुर्च्या नव्हत्या तेव्हा आबांनी घरून नेलेली. निवडणूक हरले त्याच संध्याकाळी ते गेले आणि खुर्ची स्वतः डोक्यावर घेऊन आले. लोक म्हणाले, आबा, माणूस लावून पाठवतो. आबा म्हणाले, "नेलती बी माझी मी, आणतोय बी माझा मी." हे मला काकूंनी सांगितलं, आणि सांगताना त्या एवढ्या हसल्या की डोळ्यांना पदर लावावा लागला.

पण हरल्याचं आबांना फारसं काही नव्हतं. पाडलं ते त्यांच्याच जुन्या सोबत्याच्या मुलाने, शिकलेल्या, नम्र, पाया पडणाऱ्या. आबांना लागलं ते नंतरचं. भैरोबाची यात्रा आली. पहिला नारळ फोडायचा मान सरपंचाचा. तो पोरगा सरपंच स्वतः घरी आला आणि म्हणाला, आबा, नारळ तुमीच फोडा. आबांना केवढा आनंद झाला असेल. पण रीत म्हणून ते म्हणाले, "न्हाई, न्हाई. आता तुमचं राज्य हाय." पोरगा म्हणाला, "बरं आबा." आणि पाया पडून निघून गेला.

आबा बराच वेळ दाराकडे बघत बसले होते म्हणे. तेव्हापासून त्यांनी ओटा सोडला नाही. शेतात जायचे ते मागच्या दाराने, आणि गावात पाऊल नाही. लग्न नाही, बारसं नाही, कुणाची माती नाही. ज्या माणसाने गावातल्या प्रत्येक मयताला खांदा दिला, तो घरापुढून तिरडी गेली की खुर्चीतून उठून आत जायचा आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहायचा.

काकू मात्र सगळीकडे जायच्या. उंबऱ्यावर चपला घालता घालता दर वेळी विचारायच्या, "येता का?" आबा म्हणायचे, "न्हाई." काकू जायच्या, आणि गावभर "आबा कावून न्हाई आले?" याला उत्तरं देत फिरायच्या. कधी गुडघे, कधी पित्त, कधी पाहुणे. एकदा ज्वारी निवडता निवडता त्या मला म्हणाल्या, "त्यांना वाटतंय गावानं टाकलं. गावाला वाटतंय त्यांनी टाकलं. मधल्या मधी माझ्या चपला झिजल्या." मला त्यांचं फार वाईट वाटायचं. पण भाडेकरणीने किती बोलावं?

खेळाचं खूळ आबांच्या डोक्यात मीच घातलं, तेही न ठरवता. एका दुपारी लाईट गेलेली होती आणि मी ओट्यावर फोनवर जुना खेळ खेळत बसले होते. लहानपणी आमच्याकडे हातात मावणारं एक खेळाचं यंत्र होतं, त्यात कॅसेट घातली की छोट्या पडद्यावर खेळ यायचा. यंत्र कधीच बिघडलं. पण माझ्या भावाने त्या कॅसेटींतल्या फाईली उतरवून मेमरी कार्डात जपून ठेवल्या होत्या. फोनवर एम्युलेटर नावाचं ॲप घ्यायचं. ते फोनला पटवून देतं की बाबा रे, तू फोन नाहीस, तूच ते जुनं यंत्र आहेस. मग त्यात खेळाची फाईल घातली की झालं.

आबा मागून डोकावले. पडद्यावर वरून पाहिल्यासारखं एक गाव दिसत होतं. कौलारू घरं, विहीर, दोन कोंबड्या, आणि मधल्या वाटेवर माझा एवढासा माणूस.

"कुणाचं गाव म्हणायचं हे?"

"कुणाचं नाही आबा, खेळ आहे."

"ह्यो कोण?"

"हा मी. म्हणजे याला मी चालवते."

"मग एवढ्या घरांवरनं गेलीस, एका दारात थांबली न्हाईस. अशानं कोण मत देईल?"

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःचा मोठा फोन माझ्यापुढे धरला आणि म्हणाले, "मला बी एका गावाला सोड."

ती पहिली फाईल घालायला आम्हाला अख्खी सकाळ लागली. कार्ड फोनला जोडलं, फाईल आबांच्या फोनमध्ये उतरवली, एम्युलेटरला फोल्डर दाखवला, तर यादी रिकामी. पुन्हा दाखवला, पुन्हा रिकामी. मी वैतागले. फाईल झिपमध्ये बांधलेली होती आणि ती सोडवायचं मी विसरले होते, हे लक्षात आल्यावर मी तसं आबांना सांगितलं. त्यांना ते एकदम पटलं. "गाठोड्यासकट कुणी घरात घेतंय व्हय? आधी सोडावं लागतं." मग प्रत्येक फाईल घालताना ते शेजारी बसून विचारायचे, गाठोडं सोडलंस का? आणि इंग्रजी नावं वाचता येत नसल्यामुळे त्यांनी प्रत्येक खेळाला स्वतःचं नाव दिलं. एक नदीकाठचं गाव. एक राखेचं गाव, कारण तिथला डोंगर धूर सोडायचा आणि मी म्हणाले होते की हे अगदी आमच्या परळीसारखं आहे. मोटारींच्या शर्यतीचा खेळ घातला तर त्यांनी दोन मिनिटांत फोन परत दिला. "ह्यो गेवराईचा हायवे झाला. नुसत्या गाड्या, बोलाय माणूस न्हाई. काढून टाक."

आबांची खेळायची पद्धत मी दुसऱ्या कुणाची पाहिलेली नाही. राक्षस आला की ते बांधाच्या कडेने निघून जायचे. तलवार मिळाली होती, ती त्यांनी कधी उपसली नाही. त्यांचं सगळं लक्ष घरांवर. पण दारापाशी गेले की आत शिरायचे नाहीत, आधी मोठ्याने हाक द्यायचे, "हाय का कुणी घरात?" मग थोडं थांबून आत. प्रत्येकाशी बोलायचे. पडद्यावर इंग्रजीत वाक्य उमटलं की मी मराठीत सांगायचे, आणि आबा त्या माणसाला उत्तर द्यायचे. वेशीपाशी एक पहारेकरी कायम एकाच जागी उभा असे. त्याला रोज म्हणायचे, "का बे, घरी कुणी वाट बघत न्हाई का तुझी?"

या खेळांतली माणसं दर वेळी तेच वाक्य बोलतात. आपण बटण दाबून पुढे जातो. आबा पुढे जायचे नाहीत. विहिरीवरची बाई रोज सांगायची की तिचा नवरा डोंगरात गेला तो आला नाही. आबा रोज पूर्ण ऐकायचे, मान हलवायचे. मी म्हणाले, आबा, हे कालही ऐकलंत, परवाही. ते म्हणाले, "तिचं गाऱ्हाणं एकच हाय. मग एकच सांगणार की. पंचायतीत बी लोक तेच तेच सांगाय यायचे. ऐकून घेतलं की निम्मं काम होतं."

एका जागी मात्र गाडी अडली. पुढे अंधारी गुहा होती आणि कंदील होता एका म्हातारीच्या घरातल्या पेटीत. असल्या खेळात लोकांच्या पेट्या उघडून हवं ते घ्यायचं असतं, सगळे तेच करतात. आबा हात लावीनात. "बाईमाणसाची पेटी हाय. लुगडी-पातळं असतील." किती समजावलं, ऐकेनात. शेवटी ती म्हातारी जे वाक्य बोलायची, की उद्या पाऊस येईलसं दिसतंय, त्याचं मी सरळ भाषांतर केलं, "ती म्हणतेय, पेटीतला कंदील घेऊन जा बाबा." आबा गहिवरले. कंदील घेतला आणि म्हणाले, "लई मोठ्या मनाची बाई." नंतर तिच्या घरावरून जाताना कायम पडद्यापुढे हात जोडायचे. काकू चुलीपाशी बसून सगळं ऐकत असायच्या. त्यांना माझी लबाडी कळली होती, कारण त्या माझ्याकडे बघून डोळे बारीक करायच्या.

मग ते गाव आलं. भावाच्या कार्डातली एक फाईल उरली होती, ती घातली. खेळ सुरू होताच एक पांढऱ्या दाढीचा म्हातारा पुढे येतो आणि म्हणतो, आमच्या गावावर संकट आलंय, तुम्ही आमच्यासाठी याल का? खाली दोन शब्द, हो आणि नाही. मी वाचून दाखवलं. आबांनी विचार केला आणि नाहीवर बटण दाबलं.

म्हातारा म्हणाला, असं म्हणू नका. तुमच्याशिवाय आमचं कोण आहे? याल का?

आबा सावरून बसले. पुन्हा नाही.

असं म्हणू नका. तुमच्याशिवाय आमचं कोण आहे? याल का?

"परत वाच," आबा म्हणाले. मी परत वाचलं. त्यांनी पुन्हा नाही दाबलं. त्या दिवशी आम्ही पुढे गेलोच नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. मग त्यांना माझी गरजच उरली नाही, वाक्य पाठ झालं होतं. सकाळी उपकेंद्रावर निघताना बघावं तर आबा खुर्चीत, फोन हातात, आणि म्हातारा विचारतोय. दुपारी परत आले तरी तेच. यात्रा जवळ आली, गावात मांडवाचे बांबू पडले, आणि आबा आपले नाही, नाही करत बसलेले.

मला आधी वाटलं त्यांना कळत नाहीये. मी म्हणाले, "आबा, हो म्हणेपर्यंत खेळ पुढे जाणार नाही."

"म्हाईत हाय."

"अहो, तो म्हातारा खरा नाही. फाईलमध्ये तसं लिहिलंय म्हणून तो विचारतो. हजार वेळा नाही म्हणालात तरी तो तेच म्हणणार."

"असू दे. लिहिलेलं का असंना, इचारतो तर." मग त्यांनी टोपी काढली, कपाळावरचा वळ चोळला. "आपल्या गावानं एकदाच इचारलं, बाई. मी न्हाई म्हणलो, तर बरं म्हणून गेले. एवढी वर्षं मी काय केलं त्यांचं, की दुसऱ्यांदा इचारू वाटलं न्हाई?"

मी आत जाऊन उगीच पाणी प्यायले.

त्या आठवड्यात तो पोरगा सरपंच बाळाला लस द्यायला उपकेंद्रावर आला. मी लस टोचली, बाळ रडलं, आणि त्या रडण्यातच मी त्याला सगळं सांगितलं. तो थक्क झाला. "पण मॅडम, आबा न्हाई म्हणले होते! एवढ्या मोठ्या माणसाला परत कसं म्हणावं? जबरदस्ती केल्यावानी होतंय. आमाला वाटलं, आबा चिडलेत, त्यांना तरास नको." त्याचंही खोटं नव्हतं. मीही तशीच वाढले होते. मी म्हणाले, "या वेळी जा, आणि तीनदा विचारा. नाही म्हणाले तरी हलू नका." तो म्हणाला, नक्की.

यात्रेच्या आदल्या सकाळी तो आला. आबांच्या पाया पडला. मी ड्युटीला उशीर करून दारात रेंगाळत होते, काकू आतल्या चौकटीत उभ्या होत्या.

"आबा, उद्याचा नारळ तुमीच फोडायचा."

"न्हाई रे बाबा. तुमी पोरं हायेत की."

"न्हाई आबा, तुमीच पाहिजेत. तुमच्याबिगर शोभा न्हाई."

"माझे गुडघे लई दुखतेत."

झाले दोन. पोराने तोंड उघडलं, आणि त्याच्या खिशातला फोन वाजला. स्पीकरवाल्याची गाडी गेवराईपाशी बंद पडली होती. "कुठं? आरं मग दुसरी बघ! थांब, आलोच," करत तो ओटा उतरला, मोटारसायकलला किक मारली आणि वळून ओरडला, "बघा मग आबा, जमलं तर!"

तोंडापर्यंत आलेला होकार आबांनी गिळला. मी तो गिळताना पाहिला. त्यांनी फोन उचलला. पांढऱ्या दाढीचा म्हातारा हजर होता. काकू काही क्षण त्यांच्याकडे बघत राहिल्या आणि आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी यात्रा. सकाळपासून हलगी वाजत होती. मला सुट्टी होती, मी ओट्यावर वेणी घालत बसले होते. काकू हिरवं लुगडं नेसून, नैवेद्याचं ताट पदराखाली घेऊन बाहेर आल्या. उंबऱ्यावर चपला घातल्या. आबा फोनमध्येच होते. "न्हाई," ते म्हणाले.

पण काकूंनी विचारलंच नव्हतं. त्या ओटा उतरून चालायलाही लागल्या होत्या.

आबांनी मान वर केली. रस्त्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "इचारलं न्हाई का तिनं?"

"नाही आबा."

"ऐकू आलं नसंल मला."

"विचारलंच नाही त्यांनी."

हलगीचा आवाज येत होता. आणि मग आबांचा चेहरा जो उतरला, तसा निवडणूक हरल्यावरही उतरला नसेल. गाव त्यांना एकदा विचारून गेलं होतं. पोरगा दोनदा विचारून गेला. ही बाई रोज विचारत होती, प्रत्येक लग्नाला, प्रत्येक मातीला, आणि ते मोजायचं आबांच्या कधी ध्यानातच आलं नव्हतं. ते उठले. फोन माझ्या हातात कोंबला. "त्या म्हाताऱ्याला हो म्हण. ताटकळलाय तो." एक चप्पल सापडली, दुसरी खुर्चीखाली गेली होती, ती मी पायाने पुढे सरकवली. टोपी घालत घालत ते ओटा उतरले, पुढच्या बाजूने, रस्त्यावर.

"अगं ए! थांब!"

काकू थांबल्या नाहीत, पण त्यांची चाल मंदावली. देवळाकडे निघालेल्या बाया ताटं सावरत जागच्या जागी उभ्या राहिल्या. समोरच्या घरातली माणसं दारात आली. आबा धापा टाकत पिंपळापाशी त्यांना गाठून आडवे आले.

"मला इचारलं न्हाईस आज."

"दमले मी इचारून," काकू म्हणाल्या. रस्त्यावर सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने त्या आयुष्यात पहिल्यांदा बोलत असाव्यात. "आज तुमी इचारा."

आबांनी इकडे तिकडे पाहिलं. सगळं गाव बघत होतं. ज्या गावात ते पाऊल ठेवत नव्हते, त्याच्या ऐन मधोमध ते उभे होते. त्यांनी हात जोडावेत की नाही, असा थोडा घोळ घातला. मग म्हणाले, "मी येऊ का तुझ्यासंगं?"

काकूंनी नैवेद्याचं ताट एका हातातून दुसऱ्या हातात घेतलं.

"न्हाई," त्या म्हणाल्या, आणि तिथेच उभ्या राहिल्या.

आबांनी टोपी सारखी केली, घसा खाकरला, आणि पुन्हा विचारलं.